निःपक्ष संशोधनाची शपथ: मोडली तर दिसली पाहिजे

तुमचा प्रश्न थोडक्यात असा. तुम्ही एक दीर्घकथा लिहीत आहात. काळ १९१२, ठिकाण साताऱ्याजवळचं एक गाव. तिथले दहा-बारा जण जुने कागद गोळा करून तपासणारं एक मंडळ काढतात आणि प्रत्येक सभासद पहिल्या दिवशी निःपक्ष संशोधनाची शपथ घेतो. तुमच्या मसुद्यात ती अशी आहे: "मी कोणताही पूर्वग्रह न बाळगता केवळ सत्याचा शोध घेईन." वाक्य पोकळ वाटतं, भाषा जुन्या वळणाची केली तरी पोकळच राहतं, मग काय करावं? पुढे मंडळाच्या आश्रयदात्याच्याच वाड्यात त्याच्या घराण्याला अडचणीत आणणारं एक पत्र सापडतं, हेही तुम्ही सांगितलं आहे. माझ्या उत्तराचा बराचसा भाग त्या पत्रावर बेतलेला आहे.

भाषा बदलून हे वाक्य सुधारणार नाही. ही शपथ कोणी मोडली तरी ती मोडली हे कुणालाच सिद्ध करता येत नाही, हा तिचा खरा दोष आहे. पूर्वग्रह मनात असतो. आपल्या मनात तो नाही असं प्रत्येकाला प्रामाणिकपणे वाटतं, आणि ज्याच्या मनात तो सगळ्यात घट्ट बसलेला असतो त्याला तर हे सगळ्यात ठामपणे वाटतं. म्हणजे शपथ घेताना कुणाला काही सोडावं लागत नाही, नंतर कुणाला पकडता येत नाही, आणि ते पत्र सापडल्यावर शपथेला कथेत करण्यासारखं काही उरत नाही. कागदपत्रांच्या संपादनात ज्या नियमांचा खरोखर उपयोग होतो ते सगळे कृतीचे असतात: काय लिहून ठेवायचं, केव्हा लिहायचं, कुणाला दाखवायचं, कुणापासून लपवायचं. तुमची शपथही तशीच करा.

यातलं काही तुमच्या कथेवर अवलंबून राहील. मंडळ फक्त ऐतिहासिक कागदांपुरतं आहे की भानामती, संचार, ज्योतिष हेही तपासतं? खर्च वर्गणीतून चालतो की एका माणसाच्या खिशातून? सभासद एकाच जातीचे, एकाच पेठेतले आहेत का? मी असं धरून चालतो की कागद मोडीतले आहेत, पैसा मुख्यतः आश्रयदात्याचा आहे आणि सभासद एकमेकांना लहानपणापासून ओळखतात. यातली तिसरी गोष्ट पैशापेक्षाही जड जाते. ओळखीच्या माणसाचं वाचन चुकीचं आहे असं तोंडावर सांगणं गावात फार अवघड असतं.

खऱ्या संस्थांनी काय केलं ते आधी पाहू. लंडनची रॉयल सोसायटी १६६० साली स्थापन झाली. "कुणाच्याही शब्दावर विसंबू नका" या अर्थाचं तिचं लॅटिन बोधवाक्य सगळ्यांना माहीत असतं. पण सभासद होताना फेलो ज्या मजकुराखाली सही करतो त्यात निःपक्षपातीपणाचं वचन नाही. संस्थेचं हित साधण्याचा आणि तिच्या स्थापनेमागचे हेतू पुढे नेण्याचा प्रयत्न करीन, अशा धर्तीचा तो मजकूर आहे. निःपक्षपातीपणा त्यांनी दुसरीकडे बसवला: संस्था म्हणून कोणत्याही विषयावर आपलं मत द्यायचं नाही, असा त्यांनी दंडक घातला. निबंध छापला तरी त्यातल्या मताची जबाबदारी लिहिणाऱ्याची. फ्लॉरेन्समध्ये १६५७ साली मेदिची घराण्याच्या आश्रयाखाली निघालेल्या प्रयोगमंडळाने वेगळी वाट धरली. १६६७ साली त्यांचं प्रयोगांचं पुस्तक निघालं तेव्हा कोणता प्रयोग कुणाचा हे त्यात सांगितलंच नाही. नाव नाही म्हटल्यावर नावासाठी भांडणही नाही. पण त्याच कारणाने श्रेय नाही आणि जबाबदारीही नाही, आणि मंडळ दहा वर्षांतच थंडावलं. १८८२ साली लंडनमध्ये परलोकविद्येच्या दाव्यांची तपासणी करायला जी सोसायटी निघाली, तिने मात्र "कोणताही पूर्वग्रह न ठेवता" हे शब्द थेट आपल्या उद्दिष्टांत घातले. तुमचं वाक्य त्याच जातीचं आहे. पण त्यांनीही मतांची जबाबदारी लेखकावर टाकली आणि संस्थेचं असं मत ठेवलं नाही. त्या सुंदर वाक्यापेक्षा हा रूक्ष नियमच जास्त कामाचा ठरला.

तुमच्या मंडळाच्या आधी दोन वर्षं, १९१० साली, पुण्यात इतिहाससंशोधक वि. का. राजवाड्यांनी भारत इतिहास संशोधक मंडळ काढलं होतं. त्यांच्या 'मराठ्यांच्या इतिहासाची साधने'चा पहिला खंड १८९८ चा. मूळ कागद छापा, मग बोला, हा आग्रह तुमच्या पात्रांच्या कानावर नक्की आलेला असणार. त्यामुळे साताऱ्याकडचं एखादं छोटं मंडळ कागद जसाच्या तसा उतरवण्याची शपथ घेतं, हे वाचकाला सहज पटेल.

आता शपथेने नेमकं कशाला अडवायचं ते ठरवू. माणूस लबाडी करतो तेव्हाच निष्कर्ष वाकडा होतो, अशी समजूत असते. प्रत्यक्षात वाकडेपणाचा मोठा भाग प्रामाणिक माणसांकडून येतो. १७९६ साली ग्रिनिच वेधशाळेचे प्रमुख मॅस्केलिन यांनी किनब्रुक नावाच्या सहायकाला कामावरून काढलं. दुर्बिणीत खुणेसाठी लावलेल्या बारीक तारेवरून आकाशातला तारा सरकल्याची वेळ तो साहेबांपेक्षा सुमारे ०.८ सेकंद उशिरा नोंदवत होता. त्याला निष्काळजी ठरवण्यात आलं. पुढे बेसेल या जर्मन खगोलशास्त्रज्ञाने निरीक्षकांची एकमेकांशी तुलना केली तेव्हा कळलं की कसलेल्या निरीक्षकांतही असा फरक असतो आणि तो ज्याचा त्याचा बराचसा ठरावीक असतो. त्यावर उपाय म्हणून कुणी अधिक निष्ठेची शपथ घेतली नाही. प्रत्येकाचा फरक मोजायचा आणि वजा करायचा, हा उपाय निघाला. मोडी वाचनात हेच रोज घडतं. एक वाचक ओळखीच्या नावाकडे झुकतो, दुसरा अर्थ लागेल तिकडे. दोघांपैकी कुणीच खोटं बोलत नसतो.

दुसरी गोष्ट, उत्तर आधी माहीत असलं की डोळे तेच दाखवतात. १९०३ साली फ्रान्समध्ये नान्सीच्या ब्लाँदलो या नावाजलेल्या भौतिकशास्त्रज्ञाला 'एन-किरण' नावाचे नवे किरण सापडल्यासारखे वाटले. १९०४ साली वूड हा अमेरिकन भौतिकशास्त्रज्ञ त्याची प्रयोगशाळा पाहायला गेला आणि अंधारात त्याने यंत्रातला प्रिझम गुपचूप काढून घेतला. किरण वळवणारा भागच नाहीसा झाला होता, तरी तिकडे मोजमापं पूर्वीसारखीच सांगितली जात राहिली. तुमच्या पात्रांना १९१२ साली ही गोष्ट वाचून माहीत असू शकते. १७८४ ची तर नक्कीच. शरीरातल्या अदृश्य चुंबकी शक्तीने रोग बरे करतो असा मेस्मर या वैद्याचा दावा होता. फ्रान्सच्या राजाने या 'प्राणिचुंबका'ची तपासणी करायला नेमलेल्या आयोगात बेंजामिन फ्रँकलिन आणि रसायनशास्त्रज्ञ लाव्हाझिए होते. बारा वर्षांच्या एका मुलाचे डोळे बांधून त्याला बागेतल्या झाडांपाशी नेलं. त्यातलं एकच झाड चुंबकित केलेलं होतं. मुलगा चौथ्या झाडाशी बेशुद्ध पडला आणि ते झाड साधं होतं. डोळ्यांवरच्या पट्टीने जे केलं ते कोणत्याही शपथेने झालं नसतं, म्हणून तुमच्या शपथेत पट्टीची सोय हवी.

कागदांच्या कामात ही पट्टी अशी बांधतात. कागद कुठून आला, कुणाच्या वाड्यातला, त्यावर वाद काय आहे, हे चिटणिसाला माहीत, उतरवणाऱ्याला नाही. चिटणीस कागदाला क्रमांक देतो आणि आलेल्या ठिकाणाची नोंद वेगळ्या वहीत कुलपात ठेवतो. दोन जण एकमेकांना न भेटता तोच कागद उतरवतात. मग तिसरा माणूस दोन्ही प्रती ओळीला ओळ लावून पाहतो आणि फरकांची यादी करतो. मोडीत शब्द तोडून लिहिलेले नसतात, ऱ्हस्व-दीर्घाचा भेद नसतो, ओळ आधी आखलेली आणि लेखणी न उचलता लिहिलेलं. त्यामुळे दोन चांगल्या वाचकांच्या प्रतींतही फरक निघतातच. एकही फरक निघाला नाही तर एकाने दुसऱ्याची प्रत पाहिली, असा संशय घ्यावा. कथेत वापरायला हा छान धागा आहे: दोन प्रती तंतोतंत जुळल्या म्हणून चिटणीस अस्वस्थ होतो.

फरक निघाल्यावर बहुमत घ्यायचं नाही. न लागलेलं अक्षर कंसात, फाटलेल्या जागी जेवढी अक्षरं गेली असतील तेवढी टिंबं, आणि आपला तर्क तळटीपेत. मजकुरात हात घालायचा नाही. महाभारताच्या चिकित्सक आवृत्तीचं काम भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिरात १९१९ साली सुरू झालं आणि १९६६ साली मुख्य संहिता पुरी झाली. त्या आवृत्तीत ज्या पाठाची खात्री नाही त्याखाली नागमोडी रेघ छापलेली आहे. सुखटणकरांसारख्या संपादकाने पानापानावर "इथे मला खात्री नाही" हे उघड दाखवावं, याहून निःपक्ष संशोधनाची चांगली खूण मला माहीत नाही. ती रेघ तुमच्या गोष्टीच्या काळाच्या नंतरची आहे, म्हणून नाव घेऊ नका. पण तुमच्या मंडळाने शंकेसाठी स्वतःची एखादी खूण ठरवली, समजा लाल शाईचं टिंब, तर ती शपथेत घालता येईल आणि पुढे एखाद्या प्रतीत ते टिंब नसणं हाच शपथभंगाचा पुरावा होईल.

तारखांकडे जरा जास्त लक्ष द्या, कारण पक्षपात लपायला ती सगळ्यात सोयीची जागा आहे. पेशवाईतल्या कागदांवर वर्ष बहुधा सुहूर सन या कालगणनेत, अरबी संख्याशब्दांत असतं. 'समान खमसैन मया व अलफ' म्हणजे ८ अधिक ५० अधिक १०० अधिक १०००, सन ११५८. हे वर्ष मृगापासून सुरू होतं. मृगापासून डिसेंबरअखेरपर्यंतच्या कागदाला ५९९ मिळवायचे, जानेवारीपासून पुढच्या मृगापर्यंत ६००. जो सरसकट ५९९ मिळवतो तो जानेवारीतले कागद एक वर्ष मागे नेतो. पानिपतची लढाई १४ जानेवारी १७६१ ची, सन इहिदे सितैन, म्हणजे ११६१. त्यात ५९९ मिळवले तर ती १७६० ची होऊन बसते. शिवाय सितैन साठ, सबैन सत्तर, तिसैन नव्वद. एक शब्द घाईत चुकीचा लागला की पत्र दहा किंवा तीस वर्षं सरकतं, आणि तेवढ्यात पत्र लिहिणारा आजा की नातू हे बदलतं. तुमच्या आश्रयदात्याला पत्र गैरसोयीचं असेल तर तो ते जाळणार नाही. तो म्हणेल, "सबैन वाचा, सितैन नाही." असा युक्तिवाद विद्वत्तेचा वाटतो, म्हणूनच तो धोक्याचा. उपाय एकच: तारीख उतरवणाऱ्याने मजकुराचा अर्थ कळण्याआधी लावायची, आणि तिथी, वार, महिना यांचा मेळ पंचांगाच्या कोष्टकाशी बसतो का हे दुसऱ्याने पाहायचं. तिथी आणि वार दोन्ही दिलेले असतील तर चुकीचं वर्ष बहुधा उघडं पडतं.

साक्षी किती आणि कशा मोजायच्या, हे शपथेतलं सगळ्यात दुर्लक्षित कलम. पाच बखरी एकच गोष्ट सांगतात म्हणून ती पाच पट खरी होत नाही. पाचही एकाच जुन्या प्रतीवरून उतरल्या असतील तर ती साक्ष एकच. शिवाजी महाराजांच्या जन्मतिथीचा वाद हे याचं आपल्याकडचं मोठं उदाहरण. वैशाख शुद्ध द्वितीया शके १५४९ ही तिथी बखरींतून चालत आली होती. टिळकांनी जेधे शकावली, म्हणजे जेधे घराण्याकडची सालवार नोंदींची यादी, १९१६ साली प्रसिद्ध केली आणि तिच्यात फाल्गुन वद्य तृतीया शके १५५१ निघाली. समकालीन कवी परमानंदाचं शिवभारत तीच तिथी देतं, आणि जोधपूरकडे मिळालेली जन्मपत्रिकाही तिकडेच बोट दाखवते. तीन ठिकाणं, तीन हेतू, एकमेकांवरून उतरवल्याची खूण नाही, म्हणून त्यांचं वजन. पुढे २००१ साली राज्य शासनाने १९ फेब्रुवारी १६३० ही तारीख स्वीकारली. तुमच्या १९१२ च्या मंडळात हा वाद अजून उघडा आहे. सभासद यावर तावातावाने भांडू शकतील, पण जेधे शकावलीचा हवाला कुणाच्या तोंडी घालू नका.

उलट बाजूही सांगतो. दोन साक्षी एकमेकींशी जुळत नाहीत म्हणून एक खोटी ठरत नाही. गोव्याच्या पोर्तुगिजांनी सोळाव्या शतकातच नवी ग्रेगरियन कालगणना घेतली. मुंबईच्या इंग्रजांनी १७५२ पर्यंत जुनीच चालवली. म्हणून एकाच घटनेची तारीख गोव्याच्या पत्रात इंग्रजी पत्रापेक्षा सतराव्या शतकात १० दिवसांनी आणि १७०० नंतर ११ दिवसांनी पुढची दिसते. शिवाय तेव्हाचं इंग्रजी वर्ष २५ मार्चला बदलत असे, त्यामुळे फेब्रुवारीतल्या पत्रावर मागचंच साल असू शकतं. हे न जाणता "पोर्तुगीज साधनं विश्वासार्ह नाहीत" असा निष्कर्ष काढणारा माणूस पूर्वग्रहाने नव्हे, अज्ञानाने अन्याय करतो. शपथ त्याला आवरू शकत नाही. म्हणून तारखांची कोष्टकं मंडळाच्या टेबलावर असलीच पाहिजेत.

आता तुमचं पत्र. बनावट असण्याची शंका घ्यायची तर कारण काय हवं? १८५२ च्या अकराव्या कायद्यानंतर इनाम कमिशनपुढे, म्हणजे इनाम जमिनींचे हक्क तपासणाऱ्या इंग्रज सरकारच्या आयोगापुढे, हक्क दाखवायला जुनी सनद लागे. ज्याच्याकडे नव्हती त्याला ती तयार करून घेण्याचा मोह होण्याइतकं कारण होतं. समजा, वाड्यात सापडलेलं पत्र म्हणतं की घराण्याची सनद अशीच मागाहून तयार करून घेतली. आश्रयदात्याचं सगळं स्थान त्या सनदेवर. तपासणी दोन माणसांत वाटा. एक जण फक्त कागद, शाई, शिक्का, मोर्तब आणि अक्षराचं वळण पाहील. मजकूर वाचणार नाही, निदान त्यावर मत देणार नाही. दुसरा मजकूर पाहील: माणसांची नावं, पदव्या, त्या साली ते हुद्द्यावर होते का. दोघांनी आपापला अहवाल सही करून चिटणिसाकडे दिल्यावरच एकमेकांशी बोलायचं. जुन्नरी किंवा दौलताबादी हातकागदात जलचिन्ह नसतं. विलायती कागदात असतं, आणि १७९४ नंतरच्या इंग्रजी कागदावर पुष्कळदा साल असलेलं जलचिन्ह मिळतं. सनद १७५० ची म्हणायची आणि कागद उजेडात धरल्यावर १८४० चं जलचिन्ह दिसावं, तर ती मूळ सनद नव्हे हे निश्चित. पण ती खोटी आहे हे अजून निश्चित नाही! जुनी सनद जीर्ण झाली म्हणून काढलेली प्रामाणिक नक्कलही असू शकते. नक्कल आणि बनावट यांत फरक करणं हे संशोधकाचं काम, आणि घाईने 'बनावट' म्हणणारा तुमचा तरुण सभासद आश्रयदात्याच्या बाजूच्या माणसाइतकाच शपथ मोडत असतो. हे कथेत जरूर येऊ द्या.

पुरावा पाहण्याआधी कसोटी लिहून ठेवण्याचं कलम मला सगळ्यात प्रिय आहे. "अमुक आढळलं तर मी माझं मत सोडीन" हे आधी लिहायचं, पाकिटात घालून लाखेने बंद करायचं, तारीख टाकायची, चिटणिसाकडे द्यायचं. नंतर सबबी काढायला जागा राहत नाही. आपल्याकडे याचा एक चांगला नमुना झाला आहे. फलज्योतिषाची चाचणी घ्यायला जयंत नारळीकर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी हुशार मुलांच्या १०० आणि मतिमंद मुलांच्या १०० पत्रिका जमवल्या, त्यांना सांकेतिक क्रमांक दिले आणि उत्तरांची यादी वेगळी सुरक्षित ठेवली. ज्योतिषांना प्रत्येकी ४० पत्रिका दिल्या; २७ जणांनी उत्तरं परत पाठवली. सगळ्या २०० पत्रिका घेतलेल्या एका संस्थेची १०२ उत्तरं बरोबर आली. नाणं उडवूनही साधारण तेवढीच येतात. चाचणीआधी 'किती बरोबर आली तर मानायचं' हे ठरवणं का आवश्यक, ते हिशोबाने पाहा. ४० पैकी २४ किंवा अधिक बरोबर येणं निव्वळ अंदाजानेही सात-आठांतल्या एकाला जमतं. २८ किंवा अधिक येणं शंभरात एकालाही नाही. आकडा आधी ठरला नसता तर २४ वाल्याचा सत्कार झाला असता. तुमचं मंडळ १९१२ चं, तिथे संभाव्यतेचा हिशोब कुणी करणार नाही, पण पाकीट मात्र शोभेल.

याला जोडून डार्विनची सवय. आपल्या मताविरुद्ध जाणारी गोष्ट दिसली की तो ती तिथल्या तिथे टिपून ठेवी, कारण अशाच गोष्टी लवकर विसरतात हे त्याने स्वतःवरून ओळखलं होतं. शपथेत "त्याच दिवशी" हे शब्द घाला. "यथावकाश नोंदवीन" म्हणजे नोंदवणार नाही.

आणि मूळ टिपणं मागेल त्याला दाखवण्याचं कलम. सही अर्जाच्या तळाशी घेण्याऐवजी माथ्याशी घेतली तर माणसं अधिक खरं लिहितात, असा निष्कर्ष काढणारा एक शोधनिबंध २०१२ साली अमेरिकेत एका फार प्रतिष्ठित नियतकालिकात आला. जगभर त्याचे दाखले दिले गेले. पुढे आकडेवारी उघड झाली, काही अभ्यासकांनी ती तपासली आणि त्यातला मोटारींच्या मैलांच्या नोंदींचा भाग बनावट निघाला. २०२१ साली निबंध मागे घेण्यात आला. प्रामाणिकपणाच्या वचनावरच्या संशोधनाची ही गत. कच्ची आकडेवारी कुणी पाहिलीच नसती तर आज मीही तुम्हाला "शपथेवर सही वर घ्या" असा सल्ला दिला असता.

हे सगळं धरून मसुदा देतो. काळाला धरून भाषा थोडी औपचारिक ठेवली आहे.

"मी खाली सही करणार, मंडळाच्या सभासदांसमक्ष कबूल करतो की, हाती घेतलेल्या प्रकरणात माझे, माझ्या घराण्याचे, ज्ञातीचे अथवा ज्याचे अन्न मी खातो त्याचे हित गुंतले असल्यास ते काम सुरू होण्यापूर्वी लिहून देईन. कागदात असेल तेच अक्षर उतरीन; जे लागले नाही ते लागले नाही असेच दाखवीन. कोणता पुरावा मिळाल्यास माझे मत सोडीन, हे पुरावा पाहण्यापूर्वी लिहून चिटणिसांचे स्वाधीन करीन. माझ्या मताविरुद्ध जाणारा कागद मिळाल्यास तो त्याच दिवशी नोंदवहीत चढवीन. एका प्रतीवरून निघालेल्या अनेक नकला ही एकच साक्ष मानीन. माझी मूळ टिपणे मागेल त्या सभासदास दाखवीन. मंडळाच्या नावे कोणतेही मत सांगणार नाही. आणि निष्कर्ष मला अथवा मंडळाच्या आश्रयदात्यास रुचला नाही तरी तो छापण्याच्या आड येणार नाही."

यात 'सत्य' हा शब्द नाही आणि 'पूर्वग्रह'ही नाही. आठ वचनं आहेत आणि प्रत्येक मोडल्याचा कागदी माग राहतो. सही आयुष्यात एकदाच घेऊ नका, प्रत्येक प्रकरणाच्या आरंभी त्या प्रकरणाच्या वहीवर घ्या. एकदाच घेतलेली शपथ माणसाला मिरवायला मिळते, आणि "मी तर शपथ घेतलेला" असं म्हणत तो स्वतःची तपासणी बंद करतो.

पहिल्या कलमात एक अडचण आहे. हितसंबंध असलेल्याला पूर्ण बाहेर ठेवलं तर ज्याला घराण्याची सगळ्यात जास्त माहिती आहे तोच गप्प बसतो. म्हणून त्याने माहिती द्यावी, प्रश्नांची उत्तरं द्यावीत, वाचन तपासून शंका लेखी द्याव्यात. निवाड्याला बसू नये. निवाड्याला तीन जण पुरेत, आणि तिघांत मतभेद असेल तर दोन्ही मतं छापायची. खरं काय यावर मतदान नको.

बिघाड कुठे होईल? शपथ हत्यार होण्यात. "तू पक्षपाती आहेस" हा आरोप एकदा सुरू झाला की मंडळ महिन्याभरात फुटतं. म्हणून नियम ठेवा की आरोप करायचा तर कलम सांगायचं, वहीचं पान सांगायचं. हेतूवर बोलायचं नाही. दुसरा बिघाड: निःपक्ष म्हणजे दोन्ही बाजूंना समान जागा, असं समजणं. जलचिन्ह १८४० चं आहे तिथे "काहींच्या मते सनद १७५० ची" हे वाक्य घालणं म्हणजे आश्रयदात्याला केलेली मदत. पुरावा एकीकडे झुकला की लेखही तिकडेच झुकला पाहिजे.

कथानकासाठी माझा कौल असा: शपथ आश्रयदात्याने मोडू नये. तो शपथबद्ध नाहीच, आणि त्याच्याकडून वाचकाला तेच अपेक्षित आहे. शपथ चिटणिसाने मोडावी. सगळ्यांत नेटका, सगळ्यांचा विश्वासू, आणि आश्रयदात्याने ज्याच्या मुलाच्या शिक्षणाचा खर्च उचललेला असा. हितसंबंध लिहून द्यायच्या वहीत तो "काही नाही" असं लिहितो, कारण त्याला खरंच तसं वाटतं. उपकार हा त्याच्या लेखी हितसंबंध नसतो. पुढे उतरलेल्या प्रतीत 'सितैन'च्या जागी शंकेचं टिंब न देता तो 'सबैन' कायम करतो. दोघा उतरवणाऱ्यांच्या प्रती कपाटात आहेत, दोघांनीही तिथे टिंब दिलेलं आहे, आणि सहाव्या कलमाप्रमाणे त्या मागायचा हक्क मंडळातल्या सगळ्यात नवख्या सभासदालाही आहे. त्याने त्या कोणत्या बैठकीत मागायच्या, एवढं तुम्ही ठरवा.